नंदकुमारला दिलेलं

१

उन्नतीचा दिवस नवऱ्याच्या उष्ट्या चहाने सुरू व्हायचा. हरेश रबाळ्याला एका कारखान्यात मेंटेनन्सला होता. सकाळी कंपनीची बस गाठायच्या गडबडीत तो उभ्या उभ्या चहा प्यायचा, पण कितीही घाई असली तरी शेवटचा घोट कपात ठेवायचा. तो तिचा. नवा संसार मांडला तेव्हा दोघांत मिळून एकच धड कप होता, त्या दिवसांतली ही सवय. पुढे कपाटभर कप आले तरी ती मोडली नाही. दार लागलं की उन्नती ओट्यापाशी उभी राहून तो कोमट घोट प्यायची, कप विसळायची आणि सानपाड्याच्या त्या दोन खोल्यांच्या घरात डायनिंग टेबलावर लॅपटॉप उघडून लिहायला बसायची.

मोबाइलवर ऐकायच्या मालिका ती लिहायची. आधी सासू-सुनांच्या लिहिल्या, मग पोलिसी. आता पहिल्यांदाच तिच्याकडे प्रेमकथा आली होती. लग्नाला बरीच वर्षं झालेलं जोडपं, नंदकुमार आणि रेवती, पुन्हा एकमेकांच्या प्रेमात पडतं. ऐकायला सोपं वाटलं होतं. लिहायला बसल्यावर मात्र पानं भरत गेली आणि माणसं काही उभी राहीनात.

मालिकेची निर्माती नूरीन वयाने लहान, पण कानाने पक्की. वाशीच्या स्टुडिओत तिने उन्नतीला समोर बसवलं.

"ताई, राग मानू नका. यांचं एकमेकांवर प्रेम आहे असं ते दर एपिसोडला सांगतात. पण हे दोघं एका घरात राहतात असं मला एकदाही वाटलं नाही."

"म्हणजे कसं?"

"आमचे अम्मी-अब्बा श्रीवर्धनला असतात. उभ्या जन्मात कधी प्रेमाचं काही बोलले नसतील. पण अब्बा बाहेरून आले की अम्मी न विचारता खिडकी ओढून घेते, कारण वाऱ्याने त्यांचा कान दुखतो. असलं काहीतरी द्या ना. तुमच्या घरातलं. बनवलेलं लगेच कळतं हो, ऐकणाऱ्याला."

उन्नतीने घरी येऊन नंदकुमारला शेवटचा घोट देऊन टाकला. रेवती ओट्यापाशी उभी राहून तो पिते, एवढाच प्रसंग. रेकॉर्डिंग झाल्यावर नूरीनचा फोन आला. "हेच हवं होतं," ती म्हणाली.

२

तो भाग लोकांनी ऐकला त्याच्या दुसऱ्या दिवशी कप रिकामा होता.

उन्नतीने कप उचलला, आत पाहिलं, हसली. घाई असेल. पण त्याच्या दुसऱ्या दिवशीही कप कोरडा होता, आणि नंतर रोजच. आठवडाभराने तिने सहज विचारावं तसं विचारलं, "आजकाल माझा घोट ठेवत नाहीस?"

"कसला घोट?" हरेश बूट घालता घालता म्हणाला. "चहा कमी पडतो का तुला? जास्त टाकत जा ना."

तिला वाटलं, मालिका ऐकली असेल आणि आता आपली फिरकी घेतोय. घरातली गोष्ट चव्हाट्यावर मांडली म्हणून रुसला असेल. तिने विषय सोडून दिला.

मालिका मात्र चढत होती. लोक लिहीत होते, नंदकुमारसारखा नवरा हवा. नूरीन म्हणाली, अजून असलंच द्या. उन्नतीने मग माशाचे काटे दिले. ती मूळची फलटणची, लग्नाआधी ताटात मासा पाहिला नव्हता. हरेश खाडीकाठच्या आगरी घरातला. पाला मासा आणला की त्याचे केसासारखे काटे हरेश बोटांनी वेचून काढायचा आणि साफ केलेला तुकडा तिच्या ताटाच्या कडेला ठेवायचा. बोलण्यात खंड न पाडता, ताटाकडे न बघता.

त्यानंतरच्या रविवारी तो दिवाळे गावातून पाला घेऊन आला. तिने कालवण केलं, वाढलं. हरेश स्वतःच्या ताटात डोकं घालून जेवला. ती हात आवरून बसून राहिली.

"जेव की," तो म्हणाला.

"काटे आहेत ना."

"मग काड."

"तू काढतोस, हरेश. एवढी वर्षं तूच काढतोयस."

त्याने मान वर करून तिच्याकडे पाहिलं. खोटं बोलणाऱ्या माणसाचा चेहरा तिला ओळखता येत होता, आणि हा तो नव्हता. विसरलेल्या माणसाचाही नव्हता. विसरलेला माणूस निदान आठवून बघतो. "मी कशाला तुझे काटे काडू?" त्याने विचारलं, आणि त्याला खरंच उत्तर हवं होतं.

संध्याकाळी तिने मुलीला फोन लावला. सोनल नाशिकला नर्सिंग शिकत होती.

"पप्पा मला काटे काढून द्यायचे, आठवतं ना गं तुला?"

"आई, ते नंदकुमार," सोनल हसत म्हणाली. "तुझ्या सिरीयलमधला. पप्पांनी कधी असलं केलंय? किती टेन्शन घेतेस कामाचं."

३

उन्नती काही भाबडी बाई नव्हती. तिने विचार केला. चाळिशी उलटली की माणसं बदलतात, नवऱ्याला बायकोचा कंटाळा येतो, ही काही जगावेगळी गोष्ट नव्हे. सोनलचं जेवताना लक्ष मोबाइलमध्ये असायचं, तिने पाहिलं नसेल. किंवा हेही शक्य होतं, की इतकी वर्षं ज्याला आपण माया म्हणत आलो ती आपणच मनात रचलेली होती. लिहिणाऱ्या बाईला रचण्याची सवय असते.

म्हणून तिने परीक्षा घेतली. नंदकुमार रोज संध्याकाळी रेवतीला मोगऱ्याचा गजरा आणतो, असं साफ खोटं लिहिलं. हरेशने जन्मात गजरा आणला नव्हता. घरात काहीच घडलं नाही. नूरीनने मात्र तो प्रसंग काढून टाकला. "हे सिनेमातलं आहे ताई. खरं नाही."

यातून काही सिद्ध होत नाही, असं उन्नतीने स्वतःला बजावलं. तिथेच थांबायला हवं होतं, पण ती थांबली नाही. कारण एक गोष्ट ती कुणाजवळ बोलली नसती. नवा भाग आला की ती कानात इयरफोन घालून, पडदे ओढून तो ऐकायची. नंदकुमारचा आवाज कुणा नटाचा होता, पण त्या आवाजात तिचा घोट होता, तिचे काटे होते. संध्याकाळी दार उघडून आत येणाऱ्या माणसापेक्षा हा तिला जवळचा वाटू लागला होता.

तिने नंदकुमारला टिचकी दिली. भांडण झालं की हरेश कधी माफी मागायचा नाही. बेडरूमच्या दाराबाहेर उभा राहून बोटातली अंगठी चौकटीवर हलकेच वाजवायचा आणि थांबायचा. आतून तिने 'हं' म्हटल्याशिवाय आत पाऊल टाकायचा नाही. कधी कधी ती मुद्दाम 'हं' म्हणायची नाही, आणि तो तसाच उभा राहायचा.

तो भाग लोकांपर्यंत गेल्यावरची एक दुपार. उन्नती भिंतीकडे तोंड करून बेडवर आडवी झाली होती. पंखा चालू होता, खाली कुणीतरी कार रिव्हर्स घेत होतं, त्याचं पिकपिक ऐकू येत होतं. डोळा लागतो न लागतो तोच चौकटीवर अंगठी वाजली. टिक टिक. मग शांतता. वाट बघणारी.

"हं," ती झोपेत म्हणाली. वर्षानुवर्षांची सवय.

पायांशी गादी दबली.

हरेश रबाळ्याला आहे, हे तिला त्यानंतर आठवलं. ती वळली नाही. कार थांबली, पिकपिक थांबलं. गादी बराच वेळ तशीच दबलेली राहिली आणि मग हळूहळू वर आली. तिने त्याला फोन लावला. पलीकडे यंत्रांचा खडखडाट होता. "बोला," हरेश म्हणाला. "काम होतं का काही?"

४

'बोला' हा शब्द तिच्या मनात रुतून बसला. फोनवर घाईत माणूस बोलतो तसं, असं तिने धरून चाललं. पण रात्री जेवताना हरेश म्हणाला, "अहो, जरा मीठ देता का?"

नवरा बायकोला अहो म्हणतो तो एक तर चेष्टेत, नाहीतर टोमणा मारायला. हरेशच्या आवाजात दोन्ही नव्हतं. दुसऱ्याच्या घरी पंगतीला बसलेल्या माणसाचा संकोच होता. मीठ घेताना त्याचा हात तिच्या हाताला लागणार नाही, याची त्याने काळजी घेतली.

हरेश तिला चारचौघांत उन्नती म्हणायचा आणि घरात उनू, हे तिने त्याच आठवड्यात लिहून पाठवलं होतं. नंदकुमार रेवतीला एकांतात अर्ध्या नावाने हाक मारतो. हरेशच्या तोंडचं 'उनू' गेलं, आणि जाताना 'तू'ही घेऊन गेलं.

तिने त्याला डॉक्टरकडे नेलं. मेंदूचा फोटो निघाला, रक्त तपासलं. डॉक्टरांनी त्याला तारीख विचारली, शंभरातून सात सात वजा करायला लावलं. त्याने न चुकता केलं. "तुमच्यापेक्षा यांची तब्येत बरी आहे," डॉक्टर म्हणाले. "तुम्ही झोपता का नीट?" कंपनीतही त्याचं काही अडलं नव्हतं. उलट तिथले लोक म्हणत, हरेश पाटील हल्ली घरी जायची घाई करत नाहीत.

आणि घरात दुपारी बारीकसारीक व्हायला लागलं होतं. तिच्या चपला दारात विस्कटून पडलेल्या असायच्या, त्या पाठ वळताच जोडीने लागायच्या, तोंड बाहेर करून. टेबलावर ती लिहीत असताना मागच्या खुर्चीचं लाकूड करकरायचं. एकदा ताटात पापलेट घेऊन बसली, पाणी आणायला उठली, परत आली तर काटा वेगळा काढलेला होता. तिने ते ताट तसंच मोरीत ठेवलं. पण ओकारी आली नाही, याचीच तिला जास्त भीती वाटली.

५

मालतीबाई, हरेशची आई, नावडे गावातल्या घरात एकट्या राहायच्या. काचबिंदूने त्यांची नजर जवळजवळ गेली, तेव्हा हरेश त्यांना सानपाड्याला घेऊन आला. उन्नतीला हायसं वाटलं. घरात दुसरं माणूस असलं की मनाचे खेळ थांबतात.

पहिल्याच दुपारी म्हातारी आतल्या खोलीत कुणाशी तरी बोलताना ऐकू आली. उन्नतीने डाळ गॅसवरून उतरवली आणि दाराशी गेली. मालतीबाई पलंगावर पाय पसरून बसल्या होत्या, चेहऱ्यावर समाधान.

"कुणाशी बोलताय, आई?"

"हरेशशी गं. आता उठून गेला. पाय चेपत व्हता." त्यांनी टाचेवरून हात फिरवला. "लहानपनापासनं अशीच हाय त्याची रीत. आदी आंगठा दाबतो, मग टाच."

"हरेश कंपनीत आहे."

"मग मना काय सपान परलं? माजा पोर मना समजत नाय?"

चार दिवसांनी एका संध्याकाळी हरेश आला, आईच्या खोलीत डोकावला, "जेवलात का?" असं विचारून बाहेर येऊन सोफ्याच्या कडेवर बसला. मालतीबाईंनी उन्नतीला जवळ बोलावलं आणि आवाज खाली आणला.

"हा कोन पाव्हना हाय? रोज सांजचा येतो, जेवतो, झोपतो पन हितंच. हरेशला चालतं का?"

घर लहान होतं. हरेशने ते ऐकलं. उन्नतीने बाहेर पाहिलं, तर तो अवघडून हसला, जणू म्हातारीचं म्हणणं रास्तच होतं, आणि गुडघ्यावरची डब्याची पिशवी त्याने आणखी जवळ ओढून घेतली.

६

दुसऱ्या दिवशी उन्नती स्टुडिओत गेली. "मला मालिका संपवायची आहे."

"आत्ता? ताई, लोक वेडे झालेत."

"संपवायची आहे. शेवट मी ठरवलाय. नंदकुमार सगळं विसरतो. घोट, काटे, नाव, सगळं. आणि घर सोडून निघून जातो."

नूरीनने तिच्याकडे निरखून पाहिलं. "घरी सगळं बरं आहे ना?"

उन्नतीने शेवटचा भाग लिहिला. एकेक गोष्ट त्याच्याकडून काढून घेतली, जणू उसनी दिलेली भांडी परत मागत होती. नूरीनने वाचलं, रेकॉर्डही केलं, पण नंतर फोन करून म्हणाली, "ताई, हे जमत नाहीये. ऐकताना वाटतं तुम्ही त्याला ढकलून बाहेर काढताय आणि तो जात नाहीये. पटतच नाही कुणाला." मग तिने विचारलं, "तुमच्याकडे अजून एक काहीतरी आहे ना? मला जाणवतं. इतक्या भागांत तुम्ही त्याच्या आजूबाजूने फिरताय. ते द्या, आणि मग हवं तर संपवा."

होतं. ते तिने कुणालाच दिलं नव्हतं, देणारही नव्हती.

"नाही," ती म्हणाली. "काहीच उरलं नाही."

७

रविवारची दुपार होती. मालतीबाई आत पडून होत्या. हरेश इस्त्रीचा शर्ट घालून सोफ्यावर बसला होता, सुट्टीच्या दिवशी कुणी घरी असा बसत नाही. उन्नती भाजी निवडत होती.

"एक विचारू का?" तो म्हणाला. "राग नका मानू. तुम्ही माझ्याशी लग्न कशासाठी केलं?"

हातातली मेथीची जुडी तिने खाली ठेवली. एवढ्या दिवसांत त्याने पहिल्यांदाच दोघांबद्दल काही विचारलं होतं. हा दरवाजा किलकिला झालाय असं तिला वाटलं, आणि तिने जपून ठेवलेलं ते एक उचललं. लिहायचं नव्हतं, कुणा नटाला द्यायचं नव्हतं. ज्याचं होतं त्यालाच परत द्यायचं होतं.

"सोनलच्या आधी आपलं एक बाळ गेलं," ती म्हणाली. "पोटातच. मी दवाखान्यातून आले आणि आडवी झाले ती उठलेच नाही. जेवण नाही, अंघोळ नाही. केसांच्या जटा झाल्या होत्या. आई आली, तुझी आई आली, सगळ्यांनी समजावलं. तू काहीच बोलला नाहीस. एके दिवशी कामावरून लवकर आलास, पाणी तापवलंस, बाथरूममध्ये स्टूल ठेवलंस आणि मला उचलून नेऊन बसवलंस. दाराकडे पाठ करून, म्हणजे मला तुझं तोंड दिसू नये आणि तुला माझं. मग माझे केस धुतलेस. एकेक गुंता सोडवत. मी रडत होते, तूही रडत होतास. पाणी संपलं की परत तापवत होतास. त्या दिवशी मला कळलं, की मी जगणार. लग्न आधी झालं होतं, हरेश. पण केलं असेल तर मी त्या दिवशी केलं."

तो नीट ऐकत होता. मध्ये एकदा त्याचे डोळे भरून आले.

"फार चांगला माणूस होता तो," हरेश म्हणाला. "आता कुठे असतो?"

त्याच्या चेहऱ्यावर काहीच लपवलेलं नव्हतं. ती आतपर्यंत बघू शकत होती, आणि आत काही नव्हतं. सामान हलवल्यावर रिकामी खोली दिसते तशी स्वच्छ, झाडलेली जागा.

बाथरूममध्ये नळ सुटला. स्टीलच्या बादलीच्या तळावर पाणी आपटलं, मग आवाज भरत भरत जाड होत गेला. स्टूल फरशीवर सरकलं.

"जा गं," आतल्या खोलीतून मालतीबाई झोपाळू आवाजात म्हणाल्या. "तुना बोलावतंय."

हरेशने काही ऐकल्याचं दिसलं नाही. उन्नती उठली. आपण बघायला जातोय, नळ बंद करायला जातोय, असं ती स्वतःला सांगत होती. बाथरूमचं दार उघडं होतं. आत वाफ दाटली होती. स्टूल दाराकडे पाठ करून ठेवलेलं होतं, बादली भरत आली होती. कुणी नव्हतं. ती आत गेली, नळ बंद केला, आणि वाफेत तिला हरेशच्या अंगाचा वास आला. मशीनच्या तेलाचा, घामाचा, तरुण वयातला. ती स्टुलावर बसली.

मागे दार लोटलं गेलं.

तिच्या केसांतली क्लिप निघाली, अलगद, एकही केस न ओढता. बोटं केसांत शिरली. तिने डोळे मिटले नव्हते. समोर बादलीच्या चकचकीत, फुगीर अंगावर तिचा वाकडा चेहरा दिसत होता, मोकळे केस दिसत होते, आणि त्यांत चालणारे दोन हात दिसत होते, मनगटांपर्यंत. त्यांच्या मागे जिथे छाती असायला हवी, खांदे असायला हवेत, तिथे बाथरूमचं दार होतं. दाराची कडी अगदी स्पष्ट दिसत होती.

गुंता कुठे आहे हे त्या बोटांना ठाऊक होतं.

ओरडावं असं तिला वाटलं. उठावं, दार ढकलावं, बाहेर बसलेल्या माणसाचा हात धरावा. तेवढ्यात बाहेर सोफा करकरला. पावलं आतल्या खोलीच्या दाराशी जाऊन थांबली.

"बरं, निघतो मी," हरेशचा आवाज आला.

"बस की रं, पाव्हन्या," मालतीबाई म्हणाल्या. "जेवून जा."

"नको, मावशी. उशीर झाला. घरी माझी वाट बघत असतील."

बाहेरचं दार उघडलं आणि परक्याचं दार लावतात तसं, आवाज न करता लागलं. उन्नतीने त्याला हाक मारायला तोंड उघडलं. मागून एका हाताने तिची मान मायेने पुढे वाकवली, आणि पहिला तांब्या डोक्यावर आला. पाणी जसं हवं तसंच होतं, ना कढत, ना कोमट.